एका पुस्तकात एक बाई

वामनराव गेले त्याला सहा वर्षं झाली, पण त्यांचं लेखन काही थांबलेलं नाही. वर्षाला चार पुस्तकं ठरलेली. चांद्रयान चंद्रावर उतरलं तेव्हा त्यांना जाऊन चार वर्षं झाली होती, तरी महिन्याभरात त्यावरचं बत्तीस पानांचं पुस्तक त्यांनी हातावेगळं केलं. मुखपृष्ठावर ठळक अक्षरांत नाव आलं, 'माजी मुख्याध्यापक वामनराव'. हे गृहस्थ लिहितात तरी कुठून, असं एकाही शाळेनं विचारलं नाही.

नंदनवनातून लिहितात. म्हणजे नंदनवन नावाच्या आमच्या वस्तीतून, माझ्या स्वयंपाकघरातल्या टेबलावरून, कुकरच्या शिट्ट्या मोजत. वामनरावांचा मुलगा हेमराज शहरातल्या महाल भागात प्रकाशन चालवतो. मुलांसाठी विज्ञानाची पुस्तकं, इतिहासाची पुस्तकं आणि सध्या जोरात असलेली 'पहिली ती' ही मालिका. पहिली डॉक्टर, पहिली वैमानिक, पहिली इंजिनचालक, अशा एकोणीस बायका मी आजवर त्याला लिहून दिल्या. त्यातल्या निम्म्याजणींच्या गोष्टीत एक परिच्छेद हटकून येतो: काम हिनं केलं आणि नाव दुसऱ्याचं झालं. तो परिच्छेद मी फार पोटतिडकीनं लिहिते. मग पुस्तक छापून येतं, वामनरावांच्या नावानं.

विसाव्या पुस्तकाला मी अडून बसले. मुखपृष्ठावर माझं नाव येणार नसेल तर मजकूर मिळणार नाही, असं हेमराजला त्याच्या दुकानात उभं राहून सांगितलं.

"ताई, काहून असं करून राहिल्या? शाळावाले बाबाचं नाव पाहूनच घेतात ना."

"मग बाबालेच विचार, विसावं लिहून देतात काय ते."

हेमराजनं भिंतीवरच्या हार घातलेल्या फोटोकडे पाहिलं. शेवटी तो म्हणाला, "ठीक आहे. पण बाई आपल्याकडची पाहिजे, आन् जिवंत पाहिजे, म्हणजे शाळेत आणता येते. बाकी नियम तुम्हाले माहीतच आहे. एका पुस्तकात एक बाई."

नियम मला मान्य होता. खरं सांगायचं तर त्या दिवशी मला काहीही मान्य झालं असतं.

बाई सापडली उमरेडला. तुळजाबाई, वय बहात्तर. आम्हा विणकरांच्या घरांत मागावर बसायचा तो पुरुष. बायकांनी कांड्या भरायच्या, म्हणजे आडवा धागा घेऊन फिरणाऱ्या धोट्यात घालायचं सूत गुंडाळून द्यायचं, आणि साडी झाली की नवऱ्याच्या कारागिरीचं कौतुक ऐकायचं. तुळजाबाईचा नवरा जागेश्वर एका वर्षी अर्धी साडी मागावर टाकून काटोलला संत्र्याच्या व्यापाऱ्याकडे कामाला निघून गेला. दुसऱ्या दिवशी सकाळी तुळजाबाई मागावर जाऊन बसली. त्या गल्लीत मागावर बसलेली ती पहिली बाई. पुढची चाळीस वर्षं ती उठली नाही.

"भीती नाही वाटली काकू?" मी वही उघडून विचारलं. उत्तरात मला 'जिद्द' हा शब्द हवा होता. आमच्या मालिकेत तो पान आठवर येतो.

"भीती कायची वं? करवतकाठी साडी होती. तिले तीन धोटे लागतात. मधला आन् इकडल्या काठाचा मी टाकत होती, तिकडल्या काठाचा जिजा टाकत होती. जिजा नसती त मी काय करत होती, डोंबल?"

जिजा म्हणजे जिजाबाई, तिची धाकटी जाऊ. ती दाराशी बसून मेथी निवडत होती. करवतकाठी साडीच्या काठावर करवतीसारखे दाते असतात आणि ते साडीभर एकसारखे यावे लागतात. त्यासाठी मागाच्या दोन्ही अंगांना दोघी बसायच्या. तुळजाबाईनं 'दे' म्हटलं की जिजाबाई धोटा द्यायची. दिवसातून शेकडो वेळा 'दे', अशी चाळीस वर्षं. मी जिजाबाईला विचारलं, तुम्हाला काही सांगायचं आहे का? तिनं थोडा विचार केला आणि विचारलं, "चहात साखर चालते ना?"

निघताना तुळजाबाई मला फाटकापर्यंत सोडायला आली. "जिजाचंबी नाव लिहिजो वं. लोक आधी जागेश्वरच्या साड्या म्हणत होते, मंग तुळजाच्या म्हणू लागले. हिच्या कोणीच नाही म्हटल्या."

"लिहिते ना काकू," मी म्हटलं. वहीत ते नाव दोनदा अधोरेखितही केलं आणि बसमध्ये बसल्यावर मला स्वतःचा अभिमान वाटला.

पहिल्या खर्ड्यात जिजाबाईला अडीच पानं होती. चित्रकारानं मुखपृष्ठही तसंच काढलं होतं. मधे माग, डावीकडे तुळजाबाई, उजवीकडे जिजाबाई. मग हेमराजचा फोन आला.

"ताई, चित्र झकास आहे, पण तुमच्या नावाले जागा नाही. वरते शीर्षक आहे, खालते मालिकेचं नाव. एक तर तुमचं नाव येते, नाही त ही दुसरी बाई."

"बारीक अक्षरात कुठे बसत असेल तर बघ ना."

"बारीक चालते काय तुम्हाले?"

नाही चालत. एकोणीस पुस्तकांत मी बारीकसुद्धा नव्हते. गॅसवर वरण उकळत होतं आणि फोन कानाला धरून मी विचार केला, की लहान मुलांना दोन चेहरे झेपत नाहीत, त्यांचा गोंधळ उडतो. बालमानसशास्त्राचा हा सिद्धांत त्या क्षणापर्यंत मला कधी सुचला नव्हता. "काढ तिला," मी म्हटलं.

चित्रातून जिजाबाई गेली आणि मागोमाग मजकुरातून तिची अडीच पानं गेली. तीन धोटे मात्र मी ठेवले, कारण वाक्यात ते बरे दिसत होते. माझ्या आजोबांकडे माग होता. तीन धोटे एका माणसाच्या हातून पडत नाहीत, हे मला कुणी शिकवायची गरज नव्हती.

पुस्तक छापून आलं. मागाच्या उजव्या अंगाला लाल अक्षरांत 'कामिनी पराते'. मी त्यावरून बोट फिरवलं आणि रडले. खोटं कशाला बोलू, इतका आनंद मला माझ्या लग्नातही झाला नव्हता.

प्रकाशन नंदनवनातल्या एका शाळेत, सकाळच्या प्रार्थनेनंतर ठेवलं. हेमराजनं उमरेडला गाडी पाठवली. गाडीतून तुळजाबाई उतरली आणि तिच्यामागून जिजाबाई. तुळजाबाई म्हणे तिच्याशिवाय कुठं जात नाही. तुळजाबाईला मंचावर खुर्ची, शाल आणि नारळ मिळाला. जिजाबाईला शिपायानं मागच्या बाकावर नेऊन बसवलं. तुळजाबाईनं पुस्तक हातात घेतलं, मुखपृष्ठाकडे बराच वेळ पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं. मी भाषणाचा कागद काढला.

"काम करणाऱ्या बाईचं नाव कुणी पुसता कामा नये, हेच हे पुस्तक सांगतं," मी म्हणाले. आवाज भरून आला होता आणि तो खरोखरच भरून आला होता. टाळ्या पडल्या. मग मुख्याध्यापिका म्हणाल्या, कुणाला प्रश्न विचारायचा आहे का?

सहावीतली एक मुलगी उभी राहिली. नाव ऋतुजा, असं तिनं आधी सांगितलं. "मॅडम, पान अकरावर लिहिलंय की या साडीला तीन धोटे लागतात, दोन काठांचे आणि एक मधला. पण चित्रात आजी एकट्याच आहेत. साडी तर एवढी रुंद असते. त्यांचा हात पलीकडच्या काठापर्यंत पुरतो कसा?"

"जिद्द असली की..." मी सुरुवात केली.

"पण मॅडम, हात?"

पोरं हसली. मी पाण्याचा ग्लास उचलला. तुळजाबाईनं माझ्या समोरचा माइक स्वतःकडे ओढला.

"नाही पुरत पोरी. पलीकडून जिजा टाकत होती. ते पाहा, मांगं बसली."

अख्खं सभागृह वळलं. जिजाबाईनं पदर तोंडावर ओढला. मला तिथून उठून सरळ घरी जावंसं वाटलं, पण कार्यक्रमपत्रिकेत पुढचं कलम 'लेखिकेची स्वाक्षरी' हे होतं.

माझ्यासाठी मागच्या दाराजवळ टेबल मांडलं होतं, नवा पेनही मी घेतला होता. पहिली आली ऋतुजा. आली आणि माझ्यासमोरून पुढे निघून गेली, थेट बाकाकडे. तिच्यामागची रांगही तिच्यामागे गेली.

"मले त फक्त नावच लिहिता येते वं," जिजाबाई तिला म्हणाली.

"नावच पाहिजे, आजी."

पेन कुणाकडे नव्हता. ऋतुजा परत आली आणि तिनं माझा मागितला. तो घेऊन मीच बाकापाशी गेले. तुळजाबाईही मंचावरून उतरून आली होती. "कुठं लिहू?" जिजाबाईनं विचारलं, तेव्हा तुळजाबाईनं मुखपृष्ठावर मागाच्या उजव्या अंगाला बोट ठेवलं. "इथं लिही. इथंच त बसत होती तू."

जिजाबाईनं पेन टेकवला आणि थांबली. एकेक अक्षर लावत तिनं वाचलं, का, मि, नी. मग वर पाहून म्हणाली, "अवं, इथं त कोणाचं नाव आहे. त्याच्यावर कसं लिहू?"

लिहा, बिनधास्त लिहा, असं मला म्हणायचं होतं. जिजाबाईनं पुस्तक जरा तिरकं धरलं, जागा शोधली आणि माझ्या नावाच्या खाली बोटभर पट्टी उरली होती तिथं सावकाश लिहिलं, 'जिजाबाई'. दोन्ही नावं नीट मावली.

रांग दारापर्यंत गेली होती. मी बाकाच्या पलीकडे खाली बसले आणि मुलांच्या हातातून एकेक पुस्तक घेऊन तिच्यापुढे सरकवू लागले. पाचसहा पुस्तकं झाली तशी तिला लय सापडली. मान वर न करताच ती हात पुढे करायची आणि म्हणायची, "दे."