सरांचे कान आणि मी

मी एक जुना बास्केटबॉल आहे. अंगावरचे दाणे कधीच झिजले. आता मला टक्कल पडलं आहे. मित्रांनो, माझी गोष्ट सरळ चालणार नाही. मला उसळायची सवय, त्यामुळे मध्येच मी—

टप्प.

हं, आलो परत.

मी नवा होतो तेव्हा दुकानदार सरांना माझा रंग दाखवत होता. सरांनी मला जमिनीवर आपटलं, डोळे मिटले आणि म्हणाले, "हाच द्या. याचा आवाज खोटं बोलत नाही."

सर कॉलेजच्या मुलींच्या संघाचे प्रशिक्षक. त्यांची तऱ्हाच न्यारी. सरावाच्या वेळी ते कोर्टाकडे पाठ करून बाकावर बसत आणि नुसते ऐकत.

"बारके, डावा हात झोपला का?"

बारकी म्हणजे संघातली सगळ्यांत उंच मुलगी.

"सर, तुमच्या पाठीला डोळे आहेत का हो?"

"असते तर तुझं तोंड बघावं लागलं असतं. चल, पुन्हा!"

मुली खिदळत, पण हात सुधारे. चषक आले, हार आले, पेपरात फोटो आले. माझा फोटो कुणी काढला नाही. पण सामन्याआधी सर मला स्वतःच्या रुमालाने पुसत. मला तेवढं पुरे होतं.

पुढे सर गप्प राहू लागले. बारकीला शंका आली. तिने मला मुद्दाम वेडंवाकडं आपटलं. बाकावरून शब्द नाही.

"कान गेले गं सरांचे," ती कुजबुजली.

"प्राचार्यांना कळलं तर घरी बसवतील," संघातली ढमी म्हणाली.

"मग कळूच द्यायचं नाही!"

त्या दिवसापासून मुली मला सरांच्या बाकाजवळ जोराने आपटू लागल्या. कोर्टाच्या लाकडी फळ्या थरथरत. सरांनीही बूट काढून ठेवले. थरथर तळपायांना कळे, त्यावरून ते अंदाज बांधत. दोन्ही बाजूंनी लपवाछपवी चालली होती. आणि मार खाऊन माझा जीव—

टप्प.

—जात होता, पण तक्रार नव्हती.

एकदा सर ओरडले, "ढमे, गुडघे वाकव!"

ढमी त्या दिवशी तापाने घरी होती. खेळत होती बारकी. तिने निमूटपणे गुडघे वाकवले.

कुणास ठाऊक का, सर वळले. ढमी कुठेच नव्हती. बारकी वाकून उभी होती, डोळ्यांत पाणी. सरांनी मला उचलून पोटाशी धरलं.

"मला सांभाळता सांभाळता तुमचा खेळ बिघडतोय, पोरींनो. हे मला चालायचं नाही." मग बारकीकडे बघून म्हणाले, "प्राचार्यांना मीच सांगतो. उद्यापासून बाकावर तू."

बारकी त्यांच्या कानाशी वाकून मोठ्याने म्हणाली, "सर, मला तुमच्यासारखं ऐकू येत नाही."

"मग डोळ्यांनी शिकव. माझी नक्कल केलीस तर हरशील."

बारकी आज कोर्टाकडे तोंड करून शिकवते. सर कधीमधी येतात, नव्या मुलींना भलताच सल्ला देतात. ती हसत त्यांच्यासमोर बसते आणि सावकाश सांगते, "नाही सर, चुकलात." सर खूश होतात.

मित्रांनो, माझ्यात अधूनमधून हवा भरा, एवढंच माझं मागणं. पण ज्यांनी जन्मभर तुमचं ऐकलं, त्यांच्या जवळ जाऊन बसा. आणि त्यांच्याशी खरं बोला. तेवढं ऐकायला त्यांचे कान अजून आतुर असतात.