चढतो तोही उतारूच

माणसांची वर्दळ दिवसभर, पण गाडीत चढायला कुणी म्हणून कुणी नाही, असं स्टेशन कधी पाहिलंय? मास्तरांनी पाहिलं होतं. पाहिलं कसलं, ते त्याचेच मास्तर होते.

त्या स्टेशनाचा जन्मच मुळी घोटाळ्यातला. रूळ नवे होते तेव्हा तिथे नुसतं माळरान होतं. जवळच्या गावातल्या एका बाईचा नवरा भांडून रुळाच्या कडेनं तरातरा निघाला आणि ती मागून ओरडत सुटली, "अहो, थांबा! थांबा म्हणते ना!" नवरा थांबला नाही, इंजिनवाला थांबला. दुसऱ्या दिवशी तेच भांडण, तीच हाक, पुन्हा गाडी उभी. असं होता होता वरच्या कचेरीत कुणीतरी नकाशावर टिंब काढलं आणि शेजारी लिहिलं, 'थांबा'. मग फलाट आला, घंटा आली, पाठोपाठ मास्तर आले. त्या नवरा-बायकोचं पुढे छान पटलं म्हणे. स्टेशन तेवढं मागे उरलं.

सोयी म्हणाल तर काय नव्हतं तिथे! वेटिंग रूममध्ये भिंतभर आरसा होता, म्हणून न्हाव्यानं आपली खुर्ची तिथेच मांडली होती. सामानाच्या काट्यावर सुईणबाई नवी बाळं तोलायची, आणि बाळानं भोकाड पसरलं की म्हणायची, "लगेज जागं झालं गं बाई." पार्सलच्या खोलीत एक कोंबडी अंड्यांवर बसली होती. ती उठेपर्यंत पार्सल घ्यायचं नाही, असं मास्तरांनी ठरवलं होतं. पार्सल कधी येतच नव्हतं, त्यामुळे कुणाचं काही अडलं नाही. सकाळी एक गाडी यायची, संध्याकाळी तीच परत जायची. सगळं गाव स्टेशनात पडलेलं, पण तिकिटाची खिडकी उघडायला लागावी अशी वेळ कुणी आणत नव्हतं.

"जायचं कशाला?" न्हावी विचारायचा. "स्टेशन इथंच आहे की."

मास्तर मान डोलावून दाढीला बसायचे.

आणि मग एक दिवस फोन खणखणला. साहेब उद्या सकाळच्या गाडीनं येतायत. उतारू आहेत की नाहीत ते बघणार. नसतील तर थांबा रद्द आणि मास्तरांची बदली.

बदलीचं मास्तरांना काही नव्हतं, जन्म त्यातच गेला होता. पण इथे आल्या दिवशीच बायकोनं सांगून टाकलं होतं, "ही भांडी मी शेवटची कागदातून सोडवली. आता बदली झाली तर तुम्ही एकटे जा. मी माझ्या बहिणीकडे." तिचा शब्द म्हणजे दगडावरची रेघ. लग्नानंतर ती पहिल्यांदा खळखळून हसली होती ती या गावात, सुईणबाईच्या बाकावर बसून. ते मास्तरांनी खिडकीतून ऐकलं होतं.

ते न्हाव्याकडे गेले. "हे बघ, उद्या साहेबांना उतारू दिसले पाहिजेत. भरपूर."

"एवढंच ना? बिनघोर झोपा तुम्ही."

सकाळी मास्तर कडक इस्त्रीचे कपडे घालून फलाटावर आले आणि बघतात तर काय, चिटपाखरू नाही! न्हाव्याची खुर्ची रिकामी, काटा रिकामा. कोंबडी होती, पण तिला साहेबांपुढे कसं उभं करणार? तेवढ्यात गाडी आली, उभी राहिली, दारं उघडली आणि आख्खं गाव धपाधप खाली उतरलं. शेवटी चेंगरून निघालेले, टोपी वाकडी झालेले साहेब उतरले.

"मास्तर, काय ही गर्दी! पण चढणारे कुठे आहेत?"

"हो, चढणारे कुठे आहेत?" मास्तरांनी न्हाव्याला विचारलं.

"चढणारे?" न्हावी चक्रावला. "तुम्ही उतारू म्हणालात. म्हणून पहाटे उठून डोंगर ओलांडला, मागल्या स्टेशनात जाऊन गाडी पकडली आणि उतरलो."

"अरे, चढतो त्यालाही उतारूच म्हणतात!"

"चढतो तो उतारू? मग उतरतो तो कोण?"

"तोही उतारू."

"मग साहेब कोण?"

"मीही उतारूच," साहेब म्हणाले आणि लगेच त्यांना आपण असं का म्हणालो ते कळेना.

"आणि तिकिटं?" मास्तरांनी घाबरत विचारलं.

"मागल्या स्टेशनात काढली. फुकट्या वाटलो का आम्ही?" सुईणबाई फणकारली.

साहेबांनी वेटिंग रूममध्ये बसून दाढी करून घेतली आणि विचार केला. दुपारी त्यांनी निकाल दिला. माणसं उतरतात, तेव्हा थांबा राहील. पण तिकिटं विकतो मागला स्टेशनवाला, मग इथे खिडकी कशाला? आणि खिडकी नाही, तर मास्तर कशाला?

"म्हणजे स्टेशन वाचवायला गेलो आणि मास्तर गमावले?" न्हावी म्हणाला.

"गेलो कुठे? आलो," सुईणबाई म्हणाली.

बातमी घरी पोचायला कितीसा वेळ लागतो! संध्याकाळी साहेब परतीच्या गाडीची वाट बघत उभे असताना मास्तरांची बायको पिशवी घेऊन आली आणि खिडकीवर टकटक केली.

"एक तिकीट द्या. बहिणीच्या गावचं."

"अगं, पण..."

"बोलले होते ना मी? द्या."

मास्तरांनी खिडकी ओढली. ती गंजून बसली होती, न्हाव्यानं बाहेरून हात लावला तेव्हा उघडली. तिकिटावर शिक्का मारताना ते बायकोकडेच बघत राहिले आणि शिक्का टेबलावर उमटला. दुसऱ्यांदा नीट मारला.

साहेब पुढे आले. "थांबा! म्हणजे, वहिनी, जरा उभ्या राहा. या खिडकीवर तिकीट विकलं गेलं?"

"दिसत नाही का?"

"मग खिडकी चालू आहे. म्हणजे मास्तर लागणार. मास्तर, तुमची बदली रद्द!"

गावानं टाळ्या पिटल्या. मास्तरांना खुर्चीवर बसावंसं वाटलं, पण ते आधीच बसलेले होते.

"झालं!" ते खिडकीतून म्हणाले. "आता घरी चल. बदलीच नाही, तर जातेस कशाला?"

"तिकीट काढलंय. वाया घालवू होय?"

"तिकीट परत घेतो मी!"

"परत घेतलंत तर विकलं गेलं नाही असं होईल," साहेब म्हणाले. "मग मला पुन्हा विचार करावा लागेल." आणि त्यांचा चेहरा इतका केविलवाणा झाला की कुणीच आग्रह धरला नाही.

गाडी आली. बायको चढली, साहेब चढले. हिरवा झेंडा मास्तरांनाच दाखवायचा होता. तो त्यांनी वर केला, खाली केला, पुन्हा वर केला. गाडी बिचारी हलली, थबकली, हलली.

ती दारातून वाकून ओरडली, "दूध तापवून ठेवा! नाहीतर नासेल. आणि साय काढू नका, तूप करायचंय मला!"

गाडी वळणाआड गेली. मास्तर झेंडा तसाच धरून उभे होते.

"काय म्हणाल्या वहिनी?" न्हाव्यानं विचारलं.

"तूप करायचंय म्हणाली."

"मग येणार की!"

"कधी ते नाही म्हणाली," मास्तर म्हणाले आणि पाय उचलून भराभरा घराकडे निघाले, दूध नासायच्या आत.