जज्जच्या बहिणीची खुर्ची

उल्हासला जज्जसाहेबांचं वेड होतं, दुसरा शब्दच नाही. आठवडाभर अमेरिकेतल्या पार्सिपनी गावच्या ऑफिसात कॉम्प्युटरसमोर मान मोडायची आणि रविवारी दुपारी कोट चढवून जज्ज एझ्रा टिंडलच्या घरी हजर! जज्ज मरून सव्वाशे वर्षं झाली, घराचं म्युझियम झालं. उल्हास तिथे फुकट गाइडगिरी करायचा. बायको गेल्यापासून तर जास्तच.

आणि सांगायचा काय रंगवून! जोडे शिवणाऱ्याच्या दुकानात राबणारं अनाथ पोर, मागून आणलेल्या पुस्तकांवर कायदा शिकलं, वकील झालं, निवडून आलं. विधानसभेत कायदा करवून घेतला: आग लावली आणि त्यात माणूस मेला, तर फाशी, वय बघायचं नाही. पुढे स्वतःच जज्ज झाला, आणि एक दिवस समोर उभा कोण? सख्ख्या बहिणीचा मुलगा! चेष्टेत कुणाचा तरी गोठा पेटवला होता आणि आत गडी झोपलेला. "जज्जसाहेबांनी भाच्याला फाशी सुनावली," उल्हास म्हणायचा, "आवाजसुद्धा कापला नाही." इथे तो थांबायचा. माणसं गप्प व्हायची. ते त्याला फार आवडायचं.

तिथल्या जेवणाच्या खोलीत एक खुर्ची टेबलाकडे पाठ करून खिडकीशी ठेवलेली होती. ती मार्थाची, जज्जच्या त्या विधवा बहिणीची. मुलगा गेल्यावरही ती भावाकडेच राहिली, जाणार कुठे? खुर्ची अशी का, असं कुणी विचारलं की उल्हास म्हणायचा, "शिवणकामाला उजेड लागतो ना." त्याला तसंच सांगितलेलं होतं, आणि त्यानं पुढे कधी विचारलं नव्हतं.

त्या वर्षी त्याचा भाचा अक्षत नागपूरहून एमएस करायला आला तो मामाकडेच राहिला. पाठोपाठ लेकाला भेटायला उल्काताई आली. आई गेल्यावर उल्हासला या ताईनंच वाढवलं होतं. त्याचा डबा, त्याचा अभ्यास, त्याची आजारपणं, सगळं तिनं काढलं.

एका रविवारी सकाळी उल्हासनं गॅरेज उघडलं तर गाडीचा हेडलाइट फुटलेला, बॉनेट आत गेलेलं. आदल्या संध्याकाळी अक्षत मित्रांना भेटायला एडिसनला गाडी घेऊन गेला होता.

"हरीण आडवं आलं, मामा," अक्षत म्हणाला.

उल्हासनं फोनवर सकाळीच बातमी वाचली होती. सायकलवाला ठार, करड्या रंगाची गाडी न थांबता पळाली. हॉटेलात भांडी घासून घरी चालला होता बिचारा. उल्हासनं फोन अक्षतसमोर धरला.

"त्याच्याकडे लाइट नव्हता, मामा! मी पॅनिक झालो यार... व्हिसा जाईल, सगळं संपेल." आणि तो जिन्यावर बसून हमसून रडायला लागला.

ताई दारातच उभी होती. तिला सगळं माहीत होतं. "उल्हास, हरीणच होतं ते. गाडी दुरुस्त करून टाक. पोरगं तुझ्या भरवशावर पाठवलंय मी. मामा आहेस तू त्याचा!"

"ताई, त्या माणसालाही आई असेल कुठेतरी."

"असेल ना! ती मला दिसत नाही. मला हा दिसतो."

'हो' म्हणावं, असं उल्हासला अगदी मनापासून वाटलं. मग तो अक्षतला म्हणाला, "तूच फोन कर. मी सोबत येतो." अक्षतनं मान वर केली नाही. शेवटी पोलिसांना उल्हासनंच फोन लावला. आणि खरं सांगायचं तर, पत्ता सांगताना त्याचा आवाज कापला नाही, आणि तेवढ्यापुरतं, मेल्याला, बरंही वाटलं.

अक्षतला तुरुंग झाला. सुटला की तिथूनच विमानात बसवून परत पाठवणार, असं वकील म्हणाला. ताईनं मुक्काम वाढवून घेतला, तो उल्हासकडेच, जाणार कुठे? तिला ड्रायव्हिंग येत नाही. तुरुंगात भेटीला उल्हासच न्यायचा. ती मागच्या सीटवर बसायची. उल्हास बोलत राहायचा, "ताई, पाणी हवं का? ताई, एसी कमी करू?" मागून काही नाही.

स्वयंपाक मात्र ती रोज करायची, दोघांचा. शिक्षा झाली त्या दिवशीही केला. उल्हासचं ताट टेबलावर वाढलं. मग स्वतःची खुर्ची उचलून फिरवली, खिडकीकडे तोंड केलं आणि ताट मांडीवर घेऊन जेवायला बसली. तिनं ते म्युझियम कधी पाहिलंही नव्हतं.

बाहेर मिट्ट काळोख पडला होता. शिवणकाम कुठलं आणि उजेड कुठला! उल्हासचा हातातला घास हातातच राहिला. इतकी वर्षं त्या खोलीत उभं राहून आपण लोकांना काय सांगत होतो, हे त्याला आत्ता कळलं. ताईची पाठ हलत होती. ती रडत होती की जेवत होती, ते मागून समजत नव्हतं.

"ताई," तो कसाबसा म्हणाला, "जरा मीठ देतेस?"

न वळता तिचा हात मागे आला, खिडकीतली मिठाची बरणी टेबलावर ठेवून परत गेला.