लक्ष्मम्माशेजारची जागा

"याचिका फेटाळली," असं उमाशंकर वकील म्हणाले, तेव्हा मी आधी मामांच्या, म्हणजे माझ्या सासऱ्यांच्या, हातांकडे पाहिलं. त्यांनी सकाळी बीपीची गोळी घेतली होती की नाही, मला आठवेना. मांडीवर माझी लेक शिवानी पेंगत होती.

वकिलांनी खंडपीठाचा इंग्रजी आदेश मराठीत समजावला. गावच्या रुद्रभूमीतून, म्हणजे आम्हा लिंगायतांच्या दफनभूमीतून, वळणरस्ता न्यायचा अजून नुसता आराखडा आहे, जमीन घ्यायचा हुकूम निघालेला नाही. म्हणून आज तक्रारीला कारण नाही. उद्या हुकूम निघालाच, तर पुन्हा दाद मागायचा हक्क कोर्टानं शाबूत ठेवलाय. म्हणजे आपण हरलो नाही, असं ते दोनदा म्हणाले.

"हुकूम कधी निघल?" मामांनी विचारलं.

वर्ष लागेल, पाचही लागतील, तुम्हाला काय घाई आहे, असं वकील म्हणाले.

"मी एक्क्याऐंशीचा हाय, वकीलसाहेब. घाई मला न्हाई."

वकील हसले. मला हसू आलं नाही.

मामांनी तीस वर्षं लातूरच्या अडतीत धान्य मोजणारा मापाडी म्हणून काढली, कुणाशी तंटा नाही. सासूबाई लक्ष्मम्मा गेल्या तेव्हा आमच्या रिवाजाप्रमाणे त्यांना मातीत बसतं ठेवलं, आणि शेजारची जागा मामांनी स्वतःसाठी धरली. त्या जागेपायी हा माणूस पहिल्यांदा कोर्टाची पायरी चढला. नवरा पुण्याहून फोनवर म्हणायचा, बाबांना म्हणावं सोडा आता. खरं सांगायचं तर, निकाल ऐकून मलाही आतून हायसंच वाटलं होतं.

वकिलांच्या ऑफिसच्या जिन्यात मामा थांबले.

"पुढचा अर्ज तुझ्या नावानं कर, मंजुश्री. तू शिकलेली हाईस, कागद वाचतीस."

तारखा, वकील, पदरात लहान पोर. मी पळवाट काढली: मामा, मला तर ती जागाही नीट ठाऊक नाही.

"हाव? मग चल."

दुपारी एसटीनं गावी उतरलो. मी शिवानीला रुद्रभूमीत कधी नेलं नव्हतं. तिचा हात घट्ट धरून चालले. लिंबाखाली सासूबाईंचा मातीचा ओटा होता. मामांनी त्यावर हात फिरवला. मग शेजारी मांडी घालून, पाठ ताठ करून बसले.

"अर्जात माप लिहावं लागल. वढ रेघ."

मी काडी उचलली आणि त्यांच्याभोवती रेघ ओढू लागले. तेवढ्यात शिवानी धावत गेली आणि त्यांच्या मांडीवर जाऊन बसली. माझी काडी थांबली.

मामांनीच तिचा मुका घेतला, तिला अलगद उचलून रेघेबाहेर माझ्या हातात दिलं, आणि पुन्हा ताठ बसले.

"हं. आता पुरी कर."

लेकीला कडेवर घेऊन मी खाली वाकले, आणि रेघ पुरी केली.