तळ्यावरचा दोर

नऊ महिन्यांनी नवरा सापडला तर बायकोनं पेढे वाटायचे. उज्वलानं काय केलं? त्याच्यावर पाळत ठेवली. तुम्ही म्हणाल, काय बाई आहे! पण आधी ऐकून तर घ्या.

शेखर मनमाडला सापडला, स्टेशनजवळच्या हॉटेलात कपबशा विसळताना. गावातल्या टेम्पोवाल्यानं ओळखून हाक मारली, तर हा म्हणतो, "माझं नाव भिकन." निफाडजवळच्या मळ्यात आणला, तर स्वतःच्या आईला, मंगलाबाईंना ओळखेना. आणि चौदा वर्षं जिला 'उजे' म्हणून हाक मारली, त्या बायकोला म्हणाला, "ताई, जरा पाणी देता का?" उज्वलाच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

नाशिकच्या डॉक्टरीणबाईंनी समजावलं. फार मोठा धक्का बसला की क्वचित एखाद्याचं असं होतं. माणूस आपलं नाव, आपली माणसं, सगळं टाकून निघून जातो, आणि काय टाकलं हेही त्याला ठाऊक नसतं. "हे ढोंग नसतं. त्यांना एकदम काही सांगू नका."

"मग द्राक्षाची काडी तारेला बांधायची गाठ बरी आठवती?" उज्वलानं विचारलं.

"हाताची सवय राहते. स्वतःविषयीचं तेवढं जातं."

हे काही तिच्या गळी उतरलं नाही. सोयीचं तेवढं आठवायचं, असा कुठं आजार असतो होय? तिनं मुद्दाम कारल्याची भाजी केली. पूर्वी तो ताट बाजूला सारायचा. आता मुकाट्यानं जेवला. तर हिला वाटलं, मला फसवायलाच खाल्ली मेल्यानं! संशयाचं असंच असतं बघा, त्याला दोन्हीकडून खायला मिळतं.

पण खरं सांगू? तिला त्याच्या आजाराचं भ्या नव्हतं. भ्या होतं ते दोराचं.

मागच्या वर्षी घट बसायच्या आधीची गोष्ट. घरोघर गोधड्या धुवायचे दिवस. हिनं बावीस गोधड्या धुतल्या, वाळत घालायला दोर पुरेना. शेततळ्याच्या काठाला एक जाड दोर बांधलेला असे. तळ्याचा प्लॅस्टिकचा कागद शेवाळानं निसरडा, पडलं तर धरून वर यायला तेवढाच आधार. घटकाभरासाठी म्हणून उज्वलानं तोच सोडून आणला. तेवढ्या घटकेत त्यांची सात वर्षांची लेक साई तळ्यावर गेली.

पुढचं काय सांगायचं? पोलीस पाटलांनी विचारलं, दोर कुणी सोडला? उज्वलानं तोंड उघडायच्या आत शेखर म्हणाला, "मी सोडला." खरं काय ते नवराबायकोलाच ठाऊक. सगळ्या गावानं शेखरला बोल लावला. महिन्याभरात तो नाहीसा झाला.

आता तो परत आला, आणि उज्वलाला दिवसभर एकच घोर. याला आठवतंय का? आठवत असेल तर ताटावर बसून मनात मला काय म्हणत असेल? पुन्हा घट जवळ आले तशी तिला राहवेना. होऊ दे एकदाचा सोक्षमोक्ष! सासू देवळात गेलेली बघून तिनं गोधड्या भिजवल्या आणि शेखरला म्हणाली, "तळ्यावरचा दोर सोडून आणता का? वाळत घालायला लागंल."

नजर त्याच्या तोंडावर. तोंड पांढरंफटक पडलं.

"तो नका सोडायला लावू, ताई."

"आठवलं ना!" ती ओरडली. "इतके दिवस ढोंग करत होता! आठवतंय ना सगळं?"

"नाय हो, आईशप्पथ. पारावर माणसं बोलत हुती, ते कानावर आलं." शेखर मटकन खाली बसला आणि त्यानं हात जोडले. "मला काय बी आठवत नाय. पण मी दोर सोडला अन् तुमची पोर गेली. तरी तुम्ही मला रोज ताट वाढता. कसं वाढता हो?"

गावासमोर तो खोटं बोलला होता, उज्वलासाठी. पण इथं दोघांशिवाय होतं कोण? ज्याला आठवतंय, तो तिच्याच पुढं हात कशाला जोडेल? म्हणजे हा खरंच विसरला होता. बायको विसरला, लेक विसरला, आणि तिचा गुन्हा तेवढा स्वतःचा म्हणून परत उचलून बसला होता.

गप्प बसली असती तर जन्मात कुणाला कळलं नसतं. डॉक्टरीणबाईंनीही सांगू नका म्हणून बजावलं होतंच की. पण ते जोडलेले हात तिला बघवेनात.

"हात सोडा आधी," ती म्हणाली. "दोर मी सोडला होता. मी. गोधड्यांसाठी."

त्यानं हात खाली घेतले. "मग मी सोडला, असं का सांगितलं मी?"

"मला कुणी बोलू नये म्हणून."

शेखरनं भिजलेल्या गोधड्यांकडं पाहिलं. रागावेल, उठून जाईल, पुन्हा मनमाडची गाडी धरेल, काय वाटेल ते तिच्या मनात आलं. मग तो हळूच म्हणाला, "पारावर सगळे नुसतं 'पोरगी, पोरगी' म्हणत्यात. नाव काय हुतं तिचं?"

वर्षभर उज्वलानं ते नाव तोंडातून काढलं नव्हतं. तिनं पदरानं ओले हात पुसले आणि त्याच्या शेजारी जमिनीवर बसली.

"साई," ती म्हणाली. "आपल्या पोरीचं नाव साई."