कुंपणाच्या वाटेतला माग

मित्रांनो, मी एक जुना हातमाग आहे. जुनिपर झाडाच्या ओंडक्यांचा. ग्लेनिबाहचे लग्न झाले त्या उन्हाळ्यात तिच्या नवऱ्याने मला घरासमोरच्या सावलीच्या मांडवाखाली उभे केले. तिच्याच मेंढ्यांची लोकर, तिनेच कातलेले सूत. तिच्या घोंगड्यांची व्यापारी तोंड भरून स्तुती करीत. माझे नाव कोणी घेत नसे, पण तिचा हात माझ्यावरून फिरे, तेवढे मला पुरे होते.

मग सरकारने दोन जमातींत जमीन वाटायला नकाशावर रेघ ओढली. रेघेपलीकडच्या नवाहो जमातीच्या घरांनी मेंढ्या विकून उठावे, असा हुकूम निघाला. त्यात आमचेही घर होते. एके सकाळी कुंपण घालणारी माणसे आली.

ग्लेनिबाह म्हणाली, "लोरेना, माग उचल."

"आता कुठे नेतेस, आई?" लेकीने विचारले.

"कामाला."

दोघींनी मला अर्ध्या घोंगडीसकट कुंपणाच्या खांबांसाठी आखलेल्या ओळीत नेऊन रोवले. ग्लेनिबाह पुढ्यात बसून विणू लागली.

मुकादम हॅरिसन नवाहोच होता. तो अजिजीने म्हणाला, "आजी, ऊठ ना. या कामावर पोट आहे माझं."

"पोट दिसतंय रे तुझं! नाळ कुठं पुरलीय ते सांग."

हॅरिसनने मान खाली घातली. "टेकडीपलीकडं. आमच्या मेंढवाड्यात."

"लोरेनाची त्या मांडवात पुरलीय. जिथं नाळ, तिथलाच माणूस. या नाळांवरनं तार नेणार असशील, तर आधी माझ्यावरनं ने."

त्याने हातोडा खाली ठेवला. त्या दिवशी एकही खांब उभा राहिला नाही.

दुसऱ्या दिवशी पोलीस आले. तिला उचलून नेताना तिची बोटे माझ्या दोऱ्यांत अडकली होती. ती सुटून आली तेव्हा तार ओढून झाली होती. आमचा पाण्याचा झरा तारेपलीकडे गेला होता. सरकारी माणसांनी बऱ्याच मेंढ्याही नेल्या होत्या. तरी ती उठली नाही. उरलेल्या मेंढ्यांच्या लोकरीवर विणत राहिली आणि आपल्याच घरात तिने डोळे मिटले.

आता लोरेना लांबून पिंपांतून पाणी आणते. विणायला तिला वेळ होत नाही. उन्हाने मला भेगा पडल्या आहेत. मध्यंतरी संग्रहालयातली माणसे मला न्यायला आली होती.

"याला काचेत ठेवाल," लोरेना म्हणाली, "पण ही जमीन कुठं ठेवाल?"

मित्रांनो, माझ्या भेगांची चिंता करू नका. पण तुमच्या आसपास कुणाला त्याच्या मातीतून ऊठ म्हणत असतील, तर क्षणभर त्याच्या शेजारी जाऊन बसा. ग्लेनिबाहच्या शेजारी त्या दिवशी जागा पुष्कळ होती.