वर्डीचा कॉब्लर

वर्डीनं झाऱ्यानं उकळत्या पाण्यातला पीच उचलला, बर्फाच्या पाण्यात बुडवला आणि अंगठ्यानं त्याची साल सर्रकन ओढली. साल अख्खीच्या अख्खी हातात आली. तिनं ती बादलीत फेकली आणि पुढचा पीच उचलला. रविवार होता, सकाळचे सात वाजत होते, आणि स्वयंपाकघराची आत्ताच भट्टी झाली होती. जॉर्जियातला ऑगस्ट कुणाची गय करत नाही.

दारात तिची भाची रोंडा उभी होती. चर्चचे कपडे, डोक्यावर पिवळी हॅट आणि हातात एक नवंकोरं काचेचं भांडं.

"मावशी, तू खरंच नेणार आहेस कॉब्लर?"

"छे! खिडकीत ठेवून माश्यांना वाढणार आहे."

"मी गमतीनं विचारत नाहीये."

"मग मीही गमतीनं सांगत नाही. नेणार आहे. सरक, उजेड अडवू नकोस."

रोंडा सरकली. कॉब्लर म्हणजे फळांच्या फोडींवर पिठाचे गोळे ठेवून भाजलेलं गोड. वर्डीनं पीचच्या फोडी केल्या, त्यावर साखर लोटली, लिंबू पिळलं, चिमूटभर जायफळ किसलं आणि रस सुटायला वाडगा बाजूला ठेवला. मग वरच्या मऊ बिस्किटांसाठी पीठ घेतलं. निम्मं लोणी, निम्मी डुकराची चरबी, दोन्ही बर्फासारखं गार. बोटांच्या टोकांनी ती ते पिठात चुरायला लागली. तळहात लागता कामा नये, हातांच्या उष्णतेनं बिस्किटाचे पापुद्रे मरतात. हल्ली गावातल्या निम्म्या बायका डब्यातलं तयार पीठ आणून फोडींवर टाकतात आणि वर स्वतःचं नाव सांगतात. रोंडा त्यातलीच. वर्डीला ते माहीत होतं आणि रोंडाला हेही माहीत होतं की वर्डीला ते माहीत आहे.

"गेल्या वर्षी काय झालं ते आठवतंय ना?" रोंडा म्हणाली.

"माझे गुडघे गेलेत. डोकं शाबूत आहे."

ऑगस्टच्या दुसऱ्या रविवारी त्यांच्या चर्चमध्ये होमकमिंग असतं, गाव सोडून गेलेल्यांनी परत यायचा दिवस. डेट्रॉइटला, शिकागोला गेलेली माणसं पोराबाळांना घेऊन येतात. प्रार्थना संपली की पेकनच्या झाडांखाली लांबच लांब टेबलं लागतात आणि घराघरातून भांडी येतात. प्रत्येक भांड्याच्या बुडाला चिकटपट्टी, पट्टीवर बाईचं नाव. भांडं घरी परत यावं म्हणून, असं आपलं म्हणायचं. खरं कारण सगळ्यांना ठाऊक आहे. टेबल मांडणाऱ्या बायका भांडं ठेवण्याआधी बूड वाचतात, आणि हे कुणी केलंय ही बातमी रांगेच्या शेपटापर्यंत पोचते. ते कळल्याशिवाय इथं कुणी चमचा घालत नाही. कुणाचं भांडं आधी खरवडलं जातं आणि कुणाचं तसंच परत जातं, यावर बाईची वर्षभराची पत ठरते.

अठ्ठावीस वर्षं वर्डीचं भांडं सगळ्यात आधी रिकामं झालं. नंतरच्या दोन वर्षांत ते जसं गेलं तसं परत आलं. एक चमचासुद्धा लागला नव्हता. वरची साखर तशीच चमकत होती.

झालं होतं ते असं. डीकन हॉल्सी म्हणजे चर्चचा कर्ताधर्ता. त्याचा मुलगा मार्व्हिन दारू पिऊन गाडी हाकत होता, आणि वर्डीच्या घरासमोरच्या वळणावर त्यानं सायकलवरच्या एका पोरीला उडवलं. थांबला नाही. पोर वाचली, पण तिचा पाय गेला. वर्डी ओसरीवर शेंगा सोलत बसली होती. तिनं गाडी बघितली, स्टिअरिंगमागचा चेहरा बघितला. त्याच संध्याकाळी डीकन हॅट हातात धरून आला होता. म्हणाला, "सिस्टर वर्डी, तुमच्या डोळ्यांवर ऊन आलं असेल." वर्डी म्हणाली, "ऊन माझ्या पाठीला होतं, डीकन." आणि कोर्टात जाऊन तिनं तेच सांगितलं. मार्व्हिनला सहा वर्षांची शिक्षा झाली.

त्यानंतर कुणी तिला चर्चबाहेर काढलं नाही. तेवढं धाडस कुणात नव्हतं. फक्त तिच्या बाकावर तिच्याशेजारी कुणी बसेना. मार्व्हिनची आई अर्नेस्टीन तीस वर्षं चर्चच्या गायनवृंदात तिच्या खांद्याला खांदा लावून उभी राहायची. ती दुसऱ्या टोकाला जाऊन उभी राहायला लागली.

"मावशी, निदान ह्या भांड्यात तरी कर," रोंडानं काचेचं भांडं पुढे केलं. "तुझ्यासाठी घेतलंय. तुझं ते निळं भांडं लोक लांबूनच ओळखतात."

"ओळखू देत."

"माझ्यासाठी गं."

वर्डीनं भांड्याकडे बघितलं. चांगलं जाड होतं, खोल होतं. भाचीनं हौसेनं आणलेल्या वस्तूशी तिचं काही वैर नव्हतं.

"बरं. भांडं कुठलं का असेना, नाव माझं असेल," ती म्हणाली. तिनं खणातून चिकटपट्टी काढली, कपड्यांवर खुणा करायच्या काळ्या पेनानं मोठ्या अक्षरांत वर्डी असं लिहिलं आणि भांड्याच्या बुडाला ती पट्टी अंगठ्यानं दाबून दाबून बसवली. मग रसातल्या फोडी ओतल्या, ताकात भिजवलेल्या पिठाचे गोळे त्यावर शेजारी शेजारी ठेवले, वरून साखर भुरभुरली आणि भांडं ओव्हनमध्ये सरकवलं.

पाऊण तासानं गोळ्यांच्या फटींतून रस बुडबुडत वर आला. बिस्किटं तांबूस झाली होती. रोंडानं नाक पुढे करून वास घेतला आणि तिचा चेहराच पडला.

"काय झालं?"

"काही नाही. असला कॉब्लर पुन्हा वाया जाणार, म्हणून जीव तुटतोय."

"वाया गेला तर मी खाईन. तीन दिवस खाईन. पण तिथं तो मांडला जाईल."

गाडीतून उतरल्यावर रोंडानं भांडं तिच्या हातातून घेतलं. "पायऱ्या आहेत मावशी, गुडघ्याचं बघ. तू आत जाऊन बस, मी हे टेबलावर देऊन येते." वर्डीनं दिलं. गुडघा खरंच दुखत होता.

प्रवचन लांबलं. पास्टर नवा होता आणि पाहुण्यांसमोर त्याला थांबवेना. शेवटी सगळे बाहेर आले तेव्हा दीड वाजला होता आणि माणसं भुकेनं वखवखली होती. वर्डीनं कोंबडीची एक तंगडी आणि थोडी हिरवी भाजी घेतली, आणि झाडाखालच्या एका बाकावर जाऊन बसली. गोडाच्या टेबलाकडे तिनं पाठ केली. दोन वर्षं तिकडेच बघत बसली होती ती, कुणी एक तरी चमचा घालतंय का म्हणून. यंदा ते करायचं नाही असं तिनं ठरवलं होतं. मांडलाय ना, बास.

पण कानांना कुठं पाठ करता येते?

"बापरे बाप!" म्हाताऱ्या अमोसचा आवाज आला. ऐंशी वर्षांचा अमोस कुजबुजला तरी दोन टेबलांपलीकडे ऐकू जायचं. "रोंडा, पोरी, ही करामत आजवर लपवली होतीस कुठं? गेल्या वर्षीचा तुझा केक म्हणजे वीट होती वीट! माझी कवळी अजून दुखतेय!"

लोक हसले. वर्डी वळली.

गोडाच्या टेबलापाशी झुंबड होती. काचेचं भांडं अर्ध्याहून अधिक रिकामं झालं होतं. कागदी ताटल्या, चमचे, हनुवटीवरून ओघळणारा रस. एक पोरगी ताटली चाटत होती. दोन वर्षं ज्याची वाट बघितली ते समोर होतं, आणि ते इतकं छान दिसत होतं की अमोसचे शब्द वर्डीच्या डोक्यात शिरायला क्षणभर लागला.

रोंडा.

तिनं भाचीकडे बघितलं. रोंडा टेबलामागे उभी होती, पिवळ्या हॅटखाली घामाघूम. तिनं मावशीकडे बघून मान अगदी थोडी हलवली. नको. प्लीज, नको.

वर्डीला सगळं कळलं. पायऱ्या, गुडघा, नवं भांडं, आणि त्याच्या बुडाला आता वर्डीऐवजी रोंडाचं नाव. राग यायला हवा होता, पण आधी आलं ते वेगळंच. गप्प बसावं, असं तिला वाटलं. अगदी मनापासून वाटलं. खातायत ना? पोटात तर तिच्याच हातचं जातंय. पुढच्या वर्षीही असंच आणावं, त्याच्या पुढच्या वर्षीही. कुणाचं काय बिघडलं?

तेवढ्यात तिला टेबलाच्या कडेला अर्नेस्टीन दिसली. पांढरा ड्रेस, हातात ताटली. ती कुणाशी बोलत नव्हती. खाली मान घालून, सावकाश, एकेक घास तोंडात घोळवत खात होती.

वर्डीनं ताट बाकावर ठेवलं आणि गुडघ्यावर हात देऊन उठली.

"अमोस," ती म्हणाली, "तो कॉब्लर माझा आहे."

तिनं आवाज चढवला नव्हता. पण चमचे जागच्या जागी थांबले. अमोसच्या तोंडात घास होता. तो त्याला गिळवेना की बाहेर काढवेना.

"मावशी..." रोंडा म्हणाली.

"तुझं माझ्यावर प्रेम आहे, कळतं मला. तुझ्याशी घरी बोलते." मग सगळ्यांकडे वळून ती म्हणाली, "पीच मी सोलले. पीठ मी मळलं. रोंडाला उकडलेलं अंडं धड जमत नाही, हे तुम्हाला सगळ्यांना ठाऊक आहे. खाताना कुणाला प्रश्न पडला नाही?"

एका बाईनं ताटली टेबलावर ठेवली. मग तिच्या शेजारणीनं. मग आणखी एकीनं. डीकन हॉल्सी माणसांमधून वाट काढत पुढे आला, हॅट डोक्यावरच ठेवून.

"माहीत आहे," अर्नेस्टीन म्हणाली.

सगळ्यांच्या माना तिच्याकडे वळल्या.

"काय माहीत आहे?" डीकननं विचारलं.

"वर्डीचा आहे ते. पहिल्या घासाला कळलं मला." अर्नेस्टीननं मान वर केली. दोन वर्षांत पहिल्यांदा तिनं वर्डीच्या डोळ्यांत बघितलं. "अठ्ठावीस वर्षं खाल्लंय मी हे बिस्किट. डब्यातल्या पिठाला अशी चव येते होय? मला माहीत होतं आणि मी गुपचूप खात होते. तुला तेवढंही बघवलं नाही. गप्प म्हणून बसता येत नाही तुला!"

"नाही येत."

"एक दिवस बसली असतीस."

"चोरून नको खाऊस माझ्या हातचं, अर्नेस्टीन. खायचं तर वर्डीचं म्हणून खा. नाहीतर ठेव खाली."

अर्नेस्टीननं ताटली ठेवली नाही.

"माझा पोरगा अजून चार वर्षं आत आहे," ती म्हणाली.

"ठाऊक आहे. तो सहा वर्षांचा असताना मी त्याला प्रार्थना शिकवली होती. ह्याच चर्चमध्ये, ह्याच झाडाखाली."

"आणि तरी बोललीस."

"तरी बोलले." वर्डीची मान ताठ होती. "उद्या पुन्हा विचारलं तर पुन्हा बोलेन. तुला वाईट वाटतं म्हणून मला वाईट वाटतं. पण त्या पोरीला पाय नाही, अर्नेस्टीन. त्यात बदल नाही."

कुठल्यातरी टेबलाखाली लहान मूल रडायला लागलं आणि त्याच्या आईनं त्याला उचलून घेतलं.

"पुरे झाला तमाशा," डीकन म्हणाला. "ताटली ठेव, अर्नेस्टीन. घरी चल."

अर्नेस्टीननं ताटलीकडे बघितलं. तिच्यात रसाचा ओघळ आणि बिस्किटाचा एक तुकडा उरला होता. ती टेबलाकडे गेली. ठेवतेय, असं सगळ्यांना वाटलं. वर्डीलाही तेच वाटलं, आणि ती ते बघायला तयार उभी राहिली. नजर हटवणार नव्हती.

अर्नेस्टीननं मोठा चमचा उचलला. तो भांड्याच्या कोपऱ्यात घातला, जिथं साखर करपून काचेला चिकटली होती, आणि दोनदा खरवडून ताटली भरून घेतली. मग ती चालत वर्डीच्या बाकापाशी आली. वर्डीचं कोंबडीचं ताट तिनं बाजूला सरकवलं आणि तिथं बसली. वर्डीकडे तिनं बघितलं नाही.

"अर्नेस्टीन," डीकन म्हणाला. "मी गाडी काढतोय."

"काढा," ती म्हणाली. "माझं खाऊन व्हायचंय."